सारख्याच आकड्याची दोन इंजिनं: जेटचा थ्रस्ट येतो कुठून आणि मोजतात कसा

प्रश्न थोडक्यात असा आहे. ओझरच्या एचएएल कारखान्यात जुळणी झालेल्या सुखोई-३० एमकेआयमध्ये एएल-३१एफपी इंजिन असतं, त्याचा थ्रस्ट, म्हणजे विमानाला पुढे ढकलणारा धक्का, १२२.६ किलोन्यूटन. बोइंग ७३७-८०० वर बसणाऱ्या सीएफएम ५६-७बी२७ चा १२१.४ किलोन्यूटन. मग दोन्ही इंजिनं सारख्याच ताकदीची म्हणायची का? तसं असेल तर एक लढाऊ विमानात आणि दुसरं प्रवासी विमानात का? त्याला जोडून आणखी तीन गोष्टी विचारल्या आहेत: हा धक्का इंजिनाच्या नेमक्या कुठल्या भागाला लागतो, तो मोजतात कसा, आणि त्याचे हॉर्सपॉवर किती होतात?

माझी सगळी नोकरी इंजिन ओव्हरहॉल शॉपच्या टेस्ट सेलमध्ये, म्हणजे इंजिन चालवून तपासायच्या दालनात, झाली आहे. त्यामुळे मोजण्याच्या भागावर जरा जास्त रेंगाळेन, ते चालवून घ्या.

दोन्ही आकडे बरोबर आहेत आणि दोन्ही एकाच अटीवर दिलेले आहेत: समुद्रसपाटी, १५ अंश सेल्सियस, १०१३.२५ हेक्टोपास्कल दाब, आणि इंजिन जागेवर बांधलेलं, म्हणजे पुढे जाण्याचा वेग शून्य. घोळ या शेवटच्या अटीत आहे. वेग शून्य असताना आकडे जुळले, म्हणजे ती दोन इंजिनं तेवढ्यापुरतीच जुळली. विमान धावपट्टीवर सुटलं की दोघांचे रस्ते वेगळे.

आधी हिशोब करू. दर सेकंदाला इंजिनातून किती किलो हवा जाते, तिला त्या हवेच्या वेगात झालेल्या वाढीने गुणलं की थ्रस्ट मिळतो. नॉझलच्या, म्हणजे मागच्या निमुळत्या नळीच्या, तोंडाशी बाहेरच्यापेक्षा जास्त दाब उरला असेल तर त्याचाही वाटा असतो, पण तो मी वेगातच धरून टाकतो आणि इंधनाचं वजन सोडून देतो, म्हणजे आकडेमोड सुटसुटीत राहील. सीएफएम ५६-७बी२७ टेकऑफला सेकंदाला सुमारे ३५४ किलो हवा ओढतं. १,२१,४०० न्यूटनला ३५४ ने भागा: ३४३. म्हणजे हवा सरासरी ३४३ मीटर प्रति सेकंद वेगाने मागे जाते. एएल-३१ सेकंदाला सुमारे ११२ किलो हवा घेतं. तोच भागाकार केला की जवळपास १,०९५ मीटर प्रति सेकंद येतात. एकाने भरपूर हवा बेताच्या वेगाने मागे सारली, दुसऱ्याने थोडी हवा जिवाच्या आकांताने फेकली, आणि जागेवर उभं असताना गुणाकार सारखाच आला.

खर्च मात्र सारखा नाही. धक्का वेगाच्या प्रमाणात वाढतो, तर हवेला द्यावी लागणारी ऊर्जा वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात. सीएफएमच्या हवेत दर सेकंदाला सुमारे २१ मेगाज्यूल गतिज ऊर्जा जाते, एएल-३१ च्या हवेत ६७. तेवढ्याच धक्क्यासाठी तिप्पट ऊर्जा. इंधनाचा फरक त्याहूनही मोठा आहे: सीएफएम पूर्ण टेकऑफ थ्रस्टला सेकंदाला सव्वा किलोच्या थोडं वर इंधन जाळतं, एएल-३१ आफ्टरबर्नरसकट, म्हणजे मागच्या बाजूला जादा इंधन पेटवून, साडेसहा किलोच्या पुढे जातं. ऊर्जा तिप्पट तर इंधन पाचपट का, हा पुढचा प्रश्न तुम्हाला पडायलाच हवा. आफ्टरबर्नर इंधन जाळतो ते टर्बाइनच्या (गरम वायूने फिरणाऱ्या चाकांच्या) मागे, जिथे दाब बराच उतरलेला असतो. कमी दाबाला दिलेल्या उष्णतेतून काम कमी निघतं आणि बाकीची उष्णता शेपटीमागे वाया जाते. आफ्टरबर्नर बंद केला की एएल-३१ चा थ्रस्ट ७५ किलोन्यूटनच्या आसपास येतो. म्हणजे १२२.६ हा आकडा मोजक्या मिनिटांचा आहे, तासभर वापरायचा नाही.

आता विमान उडवू. हवेच्या वेगातली 'वाढ' मोजायची म्हणजे इंजिनात येतानाचा वेग वजा करायचा, आणि उडत्या विमानाच्या इंजिनात हवा विमानाच्याच वेगाने येते. ७३७ साधारण ३५,००० फुटांवर माक ०.७८ ला, म्हणजे आवाजाच्या वेगाच्या ०.७८ पटीने, सेकंदाला सुमारे २३० मीटरने जातं. ढोबळ आकडे घ्या: त्या उंचीवर इंजिन सेकंदाला १४० किलो हवा घेतं. ती आत येताना विमानाला जो विरोध करते तो १४० गुणिले २३०, म्हणजे ३२ किलोन्यूटन. नॉझलमधून मिळणारा एकूण धक्का ५४ किलोन्यूटन धरला, तर हातात उरतो २२. कागदावर १२१ किलोन्यूटनचं इंजिन आपल्या आयुष्यातले बहुतेक तास याच्या एक पंचमांशाच्या आसपास काढतं, आणि तेवढंच पुरतं. ६५ टनांचं विमान त्या उंचीवर तरंगत ठेवायला वजनाच्या साधारण सतराव्या हिश्श्याइतका थ्रस्ट लागतो, म्हणजे दोन्ही इंजिनं मिळून ३८ किलोन्यूटन.

सुखोई ११ किलोमीटरवर माक १.९ ला गेलं तर त्याचा वेग ५६० मीटर प्रति सेकंद होतो. इथे सीएफएमचे ३४३ उपयोगी पडत नाहीत. प्रामाणिकपणे सांगायचं तर वेग वाढला की आत येणारी हवा आपोआप दाबली जाते आणि बाहेर पडण्याचा वेगही थोडा चढतो, त्यामुळे ३४३ आणि ५६० ची सरळ वजाबाकी करणं अन्यायाचं होईल. पण मोठ्या पंख्यातल्या हवेला मिळणारी वाढ एवढी किरकोळ असते की थ्रस्ट जवळजवळ संपतो, आणि १५५ सेंटीमीटर व्यासाचा पंखा बसवायला जे जाडजूड आवरण लागेल त्याचा विरोध वेगळाच. १,०९५ वाल्याकडे मात्र अजून बरीच शिल्लक आहे. ती शिल्लक मिळावी म्हणून तो साडेसहा किलो इंधन जाळतो.

उलट दिशेनेही विचारता येईल: भरपूर हवा बेताने सारणं एवढं स्वस्त असेल, तर पंखा आणखी मोठा का करत नाहीत? करत आलेच आहेत. सीएफएम ५६-७बी मध्ये गाभ्यातून, म्हणजे इंधन जळतं त्या मधल्या भागातून, जाणाऱ्या हवेच्या पाचपटीहून थोडी जास्त हवा बाहेरच्या बाजूने जाते. त्याच घराण्यातलं पुढचं लीप-१ए अकरापटीच्या आसपास गेलं आहे आणि पंखा जवळजवळ दोन मीटरचा झाला आहे. प्रॅट अँड व्हिटनीच्या पीडब्ल्यू११००जी मध्ये पंखा आणि टर्बाइन यांच्यामध्ये गिअरबॉक्स टाकून हा आकडा बाराच्या पुढे नेला, कारण मोठ्या पंख्याला सावकाश फिरायचं असतं आणि छोट्या टर्बाइनला जोरात. अडवतं ते वजन, आवरणाचा विरोध आणि अगदी साधी गोष्ट म्हणजे पंखाखालची जागा. ७३७ च्या इंजिनाचं आवरण खालून चपटं दिसतं ते हौसेने केलेलं नाही. विमान मूळचं १९६० च्या दशकातल्या बारीक इंजिनांसाठी बुटक्या पायांवर बेतलेलं आहे.

दुसरा प्रश्न: धक्का लागतो कुठे? मागे फेकलेली हवा बाहेरच्या हवेवर रेलून विमानाला ढकलते, हा समज अजूनही बऱ्याच जणांच्या डोक्यात असतो. तसं असतं तर रॉकेट निर्वात पोकळीत हललंच नसतं. धक्का इंजिनाच्या आतल्या भिंतींवर, पात्यांवर आणि चकत्यांवर पडणाऱ्या दाबाचा असतो, आणि तो सगळा पुढच्या दिशेने नसतो. एक साधं, जुन्या पद्धतीचं टर्बोजेट घ्या, एकूण थ्रस्ट सुमारे ११,१५० पाउंड. त्याच्या आत हवा दाबणारा कॉम्प्रेसर १९,००० पाउंडांनी पुढे ढकलतो, त्यामागचा रुंदावत जाणारा मार्ग २,२०० नी, ज्वलनकक्ष तब्बल ३४,००० नी. मग टर्बाइन ४१,००० पाउंडांनी मागे ओढते. टर्बाइनमागची नळी २,४०० चा थोडा हातभार पुढे लावते, आणि शेवटचं निमुळतं नॉझल, ज्याच्याकडे बोट दाखवून सगळे म्हणतात 'इथून थ्रस्ट निघतो', ते स्वतः ५,६०० पाउंडांनी मागे ओढतं. आतले आकडे मी ढोबळ दिले आहेत; नेमके घेतले तर ही सगळी ओढाताण वजा जाता उरतात ते ११,१५०. नॉझल काढून टाकलं तर? मागे ओढणारं कोणी राहणार नाही, पण आतला दाबही राहणार नाही आणि पुढच्या सगळ्या संख्या कोसळतील.

मोठ्या पंख्याच्या इंजिनात चित्र सोपं होतं. टेकऑफला जवळपास चार पंचमांश थ्रस्ट बाजूने जाणाऱ्या थंड हवेतून येतो. पंख्याची पाती पुढे खेचली जातात, ती ओढ शाफ्टवरून बॉल बेअरिंगवर जाते, बेअरिंगवरून इंजिनाच्या सांगाड्यात, तिथून माउंटवर आणि इंजिन विमानाच्या पंखाला टांगणाऱ्या पायलॉनमधून पंखात. टनावारी ओढ एका बेअरिंगच्या गोळ्यांवरून जाते, हे ते बेअरिंग हातात घेतल्याशिवाय पटत नाही. शॉपमध्ये त्या गोळ्यांवर नखाने जेमतेम जाणवेल एवढा ओरखडा दिसला तरी बेअरिंग बाद होतं, ते यामुळेच.

याच विषयातलं सगळ्यात चमत्कारिक उदाहरण कॉन्कॉर्डचं. माक २ ला त्याच्या थ्रस्टचा सुमारे ६३ टक्के वाटा हवा आत घेणाऱ्या मार्गाचा, २९ टक्के नॉझलचा आणि ऑलिंपस ५९३ इंजिनाचा स्वतःचा फक्त ८ टक्के, अशी विभागणी सांगतात. यावरून 'कॉन्कॉर्डला इंजिनाची गरजच नव्हती' असा निष्कर्ष काढणारे महाभागही मला भेटले आहेत. त्या विभागणीचा अर्थ एवढाच की माक २ ला येणारी हवा आत घेतानाच प्रचंड दाबली जाते आणि तो दाब त्या मार्गाच्या मागच्या, रुंदावणाऱ्या भिंतींवर पुढच्या दिशेने बसतो. ती हवा पुढे ओढून नेणारं इंजिन बंद पडलं की तोच मार्ग तुंबतो आणि विरोध करायला लागतो. दाब कुठल्या पत्र्यावर पडला आणि तो कोणामुळे टिकून आहे, हे दोन वेगळे प्रश्न आहेत.

आता मोजणं. टेस्ट सेल म्हणजे जाड काँक्रीटचं लांबच लांब दालन: एका टोकाला हवा आत यायची वाट, दुसऱ्या टोकाला धूर आणि आवाज गिळणारी मोठी नळी. इंजिन वरच्या चौकटीला टांगलेलं असतं. त्या चौकटीचा एक भाग इमारतीला घट्ट बांधलेला, दुसरा भाग पोलादी लवचीक पट्ट्यांवर लोंबकळणारा. इंजिन पुढे झेपावतं, लोंबकळणारी चौकट केसभर पुढे सरकते आणि दोहोंच्या मध्ये बसवलेली, बल मोजणारी लोड सेल दाबली किंवा ताणली जाते. लोड सेलमध्ये जादू काही नाही. साखर कारखान्याच्या गेटवर उसाचा ट्रक ज्या काट्यावर चढतो, त्यातही ताण मोजणारे हेच स्ट्रेन गेज असतात. फरक अचूकतेचा आणि तिच्याभोवतीच्या सोवळ्याओवळ्याचा.

उदाहरणार्थ, इंधनाच्या नळ्या, हवेच्या नळ्या, शेकडो वायरींचे जुडगे हे सगळं स्थिर चौकटीवरून हलत्या चौकटीवर जातं. त्यातली एखादी नळी ताठ असली की थ्रस्टचा काही भाग तीच पेलते आणि लोड सेलला कळतही नाही. म्हणून कॅलिब्रेशन करताना सगळं जोडलेलं ठेवून, इंजिनाच्या मध्यरेषेवर प्रमाणित लोड सेल लावून हायड्रॉलिक जॅकने चौकट टप्प्याटप्प्याने ओढतात, वर जाताना आणि परत उतरताना. दोन्ही वेळचे आकडे जुळले पाहिजेत. उतरताना थोडा जास्त आकडा राहिला, तर कुठेतरी काहीतरी घासतंय. मग टॉर्च घेऊन शोधाशोध. निम्म्या वेळा कोणीतरी वायर नीट न बांधता सोडलेली असते.

इंजिनाच्या तोंडावर विमानातलं आवरण नसतं, तर कर्ण्याच्या आकाराचं बेलमाउथ बसवतात. त्याने हवा गुळगुळीत आत जाते आणि भिंतीवरच्या दाबावरून सेकंदाला किती किलो हवा गेली तेही काढता येतं. पावसाळ्यात, हवा दमट असताना पूर्ण थ्रस्टला गेलं, की कधीकधी जमिनीवरून उठून बेलमाउथमध्ये शिरणारा बोटभर जाडीचा पांढरा भोवरा खिडकीतून दिसतो. नवीन मुलं मोबाइल काढतात. अनुभवी माणूस फरशी झाडली होती का ते विचारतो, कारण तो भोवरा सुटा नट सहज उचलून पंख्यात टाकतो.

इतकं करूनही लोड सेलवरचा आकडा हा थ्रस्ट नसतो. दालनात हवा इंजिनाकडे वाहत येत असते. तिचा वेग सेकंदाला १० मीटर धरा. ३५४ किलो गुणिले १० म्हणजे साडेतीन किलोन्यूटन, जवळपास तीन टक्के, इंजिनाच्या खात्यातून गायब. चौकटीवरून वाहणाऱ्या वाऱ्याचा विरोध वेगळा, मागच्या नळीच्या ओढीने बदलणारा दाब वेगळा. म्हणून प्रत्येक सेलचा स्वतःचा दुरुस्तीचा गुणक असतो, आणि तो ठरवायला तेच इंजिन मोकळ्या मैदानातल्या किंवा आधीच मान्यता असलेल्या स्टँडवर चालवून दोन्ही निकाल जुळवावे लागतात. दोन शॉपच्या टेस्ट रिपोर्टमधले कच्चे आकडे शेजारी ठेवून 'त्यांचं इंजिन जास्त ओढतं' म्हणणाऱ्यांना मी पहिला प्रश्न विचारतो: दुरुस्तीच्या आधीचे की नंतरचे?

पुढची दुरुस्ती हवामानाची. हवेचा दाब जेवढ्या पटीने कमी, तेवढ्या पटीने थ्रस्ट कमी, जर पंख्याचे फेरे तापमानानुसार दुरुस्त करून सारखे ठेवले तर. लेहचा विमानतळ साधारण ३,२५६ मीटरवर आहे. प्रमाणित दिवशी तिथला दाब समुद्रसपाटीच्या ६७ टक्के असतो. म्हणजे दुरुस्त फेरे तेच ठेवले तर एक तृतीयांश थ्रस्ट तिथे पोहोचण्याआधीच गेला. प्रवासी कंपन्या लेहची उड्डाणं सकाळी उरकतात, त्याला दुपारचा वारा जसा कारण, तसं दुपारचं ऊनही.

ऊन म्हटलं की नागपूरचा मे महिना आलाच. बहुतेक प्रवासी इंजिनांचा टेकऑफ थ्रस्ट समुद्रसपाटीला ३० अंशांपर्यंत सपाट ठेवलेला असतो: थंडीतही तेवढाच, ३० अंशांनाही तेवढाच. थंडीत इंजिन जास्त देऊ शकतं, पण संगणक देऊ देत नाही. ३० च्या पुढे मात्र टर्बाइनचं तापमान मर्यादेला भिडतं आणि थ्रस्ट उतरायला लागतो. ४४ अंशांना त्याच विमानात वजन कमी न्यावं लागतं किंवा धावपट्टी जास्त लागते. उलट, विमान हलकं आणि धावपट्टी लांब असेल तर वैमानिक मुद्दाम संगणकाला 'आज हवा आहे त्याहून गरम आहे' असं सांगून कमी थ्रस्टने टेकऑफ करतात. इंजिनाचं आयुष्य वाचवण्याचा याहून स्वस्त उपाय मला माहीत नाही.

यातूनच टेस्ट सेलमधली एक गोष्ट कळेल, जी बाहेरच्यांना विचित्र वाटते. ओव्हरहॉल झालेल्या इंजिनाच्या रिपोर्टमध्ये ग्राहक थ्रस्ट जवळजवळ बघतच नाही. थ्रस्ट मिळणारच असतो; फेरे ठरले की संगणक तेवढं इंधन ओततो. ग्राहक बघतो ईजीटी मार्जिन, म्हणजे तो थ्रस्ट देताना बाहेर पडणाऱ्या वायूचं तापमान मर्यादेच्या किती अंश खाली राहिलं. पात्यांची टोकं झिजली, सील सैल झाले, कॉम्प्रेसर मळला, की थ्रस्ट तोच राहतो आणि तापमान चढतं. मार्जिन संपलं की इंजिन पंखावरून उतरवायची वेळ झाली. दोन सारख्या इंजिनांमधली खरी तुलना त्या अंशांमध्ये असते.

उडत्या विमानात लोड सेल नसते. वैमानिकाला थ्रस्ट थेट दिसतच नाही, त्याच्या जागी काहीतरी दुसरं दिसतं: सीएफएम आणि जीई (जनरल इलेक्ट्रिक) या कंपन्यांच्या इंजिनांत पंख्याचे फेरे, म्हणजे एन१, तर प्रॅट अँड व्हिटनी आणि रोल्स-रॉइसच्या बऱ्याच इंजिनांत ईपीआर, म्हणजे मागच्या आणि पुढच्या दाबांचं गुणोत्तर. दोन्ही पद्धतींचे कट्टर पाठीराखे आहेत. मी ईपीआरच्या तत्त्वाला नावं ठेवणार नाही, थ्रस्टशी त्याचं नातं जास्त सरळ आहे. पण ते एका बारीक नळीच्या भोकावर अवलंबून असतं, आणि त्याची किंमत वॉशिंग्टनला मोजावी लागली.

१३ जानेवारी १९८२. बर्फ पडत असताना एअर फ्लोरिडाचं ९० क्रमांकाचं उड्डाण, बोइंग ७३७-२००, दोन जेटी८डी इंजिनं. इंजिनांचं बर्फरोधक चालू केलेलं नव्हतं. पुढचा दाब घेणाऱ्या नळीचं तोंड बर्फाने बुजलं. भाजक कमी दिसला की भागाकार मोठा येतो: काट्यावर ईपीआर २.०४ दिसत होता, जेवढा हवा तेवढा. प्रत्यक्षात तो १.७० च्या आसपास होता, म्हणजे इंजिनं पाऊणपटच थ्रस्ट देत होती. धावताना सहवैमानिकाला काहीतरी चुकतंय हे जाणवलं होतं आणि त्याने बोलूनही दाखवलं. पंख्याच्या फेऱ्यांचे काटे शेजारीच होते आणि ते खरं सांगत होते. पंखांवर बर्फ, त्यात थ्रस्ट कमी. विमान उचललं, पण चढलं नाही. चौदाव्या रस्त्याच्या पुलाला धडकून पोटोमॅक नदीत पडलं. विमानातले ७४ आणि पुलावरचे ४ जण गेले. थ्रॉटल पुढे सरकवले असते तर थ्रस्ट शिल्लक होता.

चाचणी उड्डाणांत थ्रस्ट काढतात तो नॉझलमधले दाब, तापमान आणि हवेचा प्रवाह यांवरून गणिताने. त्यात एक खोच आहे. वरच्या उदाहरणात एकूण धक्का ५४ आणि हातात उरलेला २२ होता. ५४ मध्ये एक टक्का चूक झाली, तर २२ मध्ये ती अडीच टक्के होते. कोणतीही कंपनी 'आमचं इंजिन उंचीवर एक टक्का कमी इंधन पितं' असं सांगते, तेव्हा त्या एका टक्क्यामागे किती काटेकोर मोजमाप लागलं असेल याचा विचार करा. जमिनीवरच्या आकड्यावरून उंचीवरचं वागणं सांगता येत नाही, म्हणून बंगळूरच्या जीटीआरई या सरकारी संशोधन संस्थेने बनवलेलं कावेरी हे लढाऊ विमानाचं इंजिन २०१० मध्ये रशियात नेऊन आयएल-७६ विमानाला लावून उडवावं लागलं. ८१ किलोन्यूटनचं उद्दिष्ट पुरतं गाठता आलं नाही याची चर्चा खूप झाली. वजन ठरलेल्यापेक्षा वाढलं, याची मानाने कमी. माझ्या मते लढाऊ विमानासाठी दुसरी गोष्ट पहिलीइतकीच महाग पडते.

विक्रमांबद्दल दोन शब्द, कारण ते आकडे नेहमी मध्येच फेकले जातात. जीई९०-११५बी ने २००२ मध्ये १,२७,९०० पाउंड थ्रस्ट दिला, जीई९एक्स ने २०१७ मध्ये ओहायोतल्या पीबल्सच्या स्टँडवर १,३४,३००. पण जीई९०-११५बी चं रोजचं रेटिंग १,१५,००० च्या आसपास आहे आणि जीई९एक्स चं त्याहूनही कमी, १,१०,०००. विक्रम म्हणजे इंजिन किती सहन करतं ते; रेटिंग म्हणजे रोज किती द्यायचं याचा करार. हा करार किती लवचीक असतो ते सीएफएम ५६-७बी मध्ये दिसतं: सात-बी अठरापासून सत्तावीसपर्यंत, १९,५०० पाउंडांपासून २७,३०० पर्यंत, यंत्र मुळात एकच. फरक इंजिनाच्या संगणकाला लावलेल्या एका प्लगचा. विमान कंपनी जेवढ्याचे पैसे भरते तेवढ्याचा प्लग.

एककांचं एकदा पाठ करून ठेवा. अमेरिकन आणि ब्रिटिश पाउंडात बोलतात, रशियन किलोग्रॅम-बलात. एएल-३१एफपी चा मूळ आकडा १२,५०० किलोग्रॅम-बल आहे. ९.८०७ ने गुणलं की न्यूटन. पाउंडाला ४.४४८ ने. लढाऊ इंजिनाचा आकडा दिसला की आधी आफ्टरबर्नरसकटचा की शिवायचा ते शोधा. तो विमानात बसवल्यावरचा की स्टँडवरचा, हेही बघा: विमानात बसलं की हवेची वाट, केबिनसाठी काढून घेतलेली हवा आणि जनरेटर हे सगळे आपला वाटा काढतात.

राहता राहिले हॉर्सपॉवर. शक्ती म्हणजे बल गुणिले वेग. ब्रेक दाबून उभ्या असलेल्या ७३७ चं इंजिन १२१ किलोन्यूटन थ्रस्ट देत असलं, तरी विमानावर होणारं काम शून्य, म्हणून थ्रस्टचे हॉर्सपॉवरही शून्य. ताशी ३७५ मैलांना, म्हणजे साधारण ६०३ किलोमीटरला, एक पाउंड थ्रस्ट बरोबर एक हॉर्सपॉवर होतो. त्याहून जास्त वेगाला त्याच पाउंडाचे हॉर्सपॉवर जास्त. ३५,००० फुटांवर २२ किलोन्यूटन गुणिले २३० मीटर प्रति सेकंद, म्हणजे सुमारे ५ मेगावॉट, साधारण ६,८०० हॉर्सपॉवर, एका इंजिनाचे. यात पंखा फिरवायला गाभ्याने किती शक्ती दिली ते धरलेलं नाही. तो आकडा याहून मोठा असतो, आणि दोन्हींची सरमिसळ केली की 'जेट इंजिन इतक्या लाख हॉर्सपॉवरचं' अशी वाक्यं तयार होतात. तसं वाक्य वाचलं तर वेग किती धरला होता एवढंच विचारा.